खात्मा मंजूर

माझ्या सासऱ्याले कोणी मूर्ख म्हणून त पाहावं, जीभ उपटीन त्याची! आमच्या जंगलखात्याच्या नाकेदारानं ठेकेदाराकडून लाच खाल्ली, सरकारी साग कापू देला, अन् चोरीचा आळ घातला माझ्या नवऱ्यावर, दसरूवर. चोर सोडून संन्याशाले फाशी! दसरू चांद्याच्या जेलात गेला अन् सारं गाव खाली मान घालून बसलं. सासरे, आमचे मामाजी, एकटे उठले. पायी चिमूरले गेले अन् पोलिसात नाकेदाराच्या लाचेची फिर्याद देली. चौकशी लागली. नाकेदाराचं पाप उघडं पडलं का दसरू सुटते, असं वकिलानं सांगतलं होतं. आमचा सारा जीव त्या चौकशीत अडकला होता.

धान कापणं चालू होतं तवा चिमूरच्या ठाण्यातला शिपाई आला. चावडीसमोर माणसं जमली. त्यानं कागद वाचला, कचेरीची भाषा, सारं डोक्यावरून गेलं. मंग कागद मिटवून म्हणाला, "नाकेदाराच्या केसचा खात्मा झाला. लटारू, तुले मंजूर आहे काय?"

खात्मा! बाप्पा, आमच्याकडं वाघानं बैल पाडला का म्हणते, बैलाचा खात्मा झाला. आम्हाले वाटलं, नाकेदार संपला, नोकरी गेली त्याची. शेजारची शकुबाई ओरडली, "बरं झालं मुडद्याचं!" मामाजीच्या डोळ्यात पाणी आलं. "मंजूर, साहेब! हजारदा मंजूर!" म्हणून त्यायनं आंगठा देला. शिपाई गालात हासला. मेल्याले एक शब्द सांगता आला नाई? गावानं ढोल बडवला, गावातल्याच इसरूनं कोंबडा कापला. मी दसरूचं धोतर धुऊन ठेवलं.

मंग मी अन् मामाजी त्याले आणायले चांद्याले गेलो. जेलाच्या दारावरचा माणूस म्हणाला, "कोणाची सुटका? डोकं फिरलं का तुमचं?" तसेच वकिलाकडं पळालो. गुणवंतराव वकिलानं कपाळाले हात लावला.

"लटारूभाऊ, खात्मा म्हणजे पोलिसांनी चौकशीच बंद केली. गुन्हा दिसत नाही म्हणाले. तुमची हरकत आहे का, एवढंच विचारायचं होतं. हरकत घेतली असती तर मॅजिस्ट्रेटला पुन्हा चौकशी लावता आली असती. तुम्ही मंजूर म्हणालात, कोर्टानं प्रकरण मिटवलं."

मामाजी खालीच बसले. मले राग आला, कोणावर ते समजे ना. मी म्हटलं, "वकीलसाहेब, एवढ्या मोठ्या कचेरीले दरवाजा एकच आहे का?"

"आणखी एक आहे," ते म्हणाले. "पोलिसांना सोडून थेट कोर्टात आपली फिर्याद लावायची. पण मग साक्षीदार तुम्ही आणायचे. आणि सरकारी माणसावर खटला म्हणजे वरून परवानगी लागते, ती मिळेलच असं नाही."

साक्षीदार! ठेकेदाराचे पैसे घेताना इसरूनं नाकेदाराले आपल्या डोळ्यानं पाहिलं होतं. पण पोलिसांनी विचारलं तवा त्याची जीभ टाळूले चिकटली. नाकेदार रोज त्याच्या दारावरून जाते, जंगलातलं जळतण बंद करीन म्हणते. कोंबडा कापणं सोपं आहे, कोर्टात उभं राहणं नाई.

दुसऱ्या दिवशी भेट मिळाली. दसरू जाळीमागं आला. वाळून काडी झाला होता माझा माणूस, पण तोंडावर हासू.

"बाबा, इथचे कैदी मले कायदा शिकवून राह्यले," तो म्हणाला. "पोलीस खात्मा पाठवते म्हणते. पाठवला त घाबरू नका, फक्त हरकत घेजा. मरता मरता बी मंजूर म्हणू नका, नाईतर मी इथीच सडतो. आला होता का शिपाई? घेतली ना हरकत?"

मामाजीनं माझ्याकडं पाहिलं.

"घेतली," मी म्हटलं. "साऱ्या गावासमोर घेतली यायनं."

"शाबास बाबा!" दसरूचा चेहरा असा फुलला, का मले पाहवे ना. तो खाली वाकला अन् जाळीतून बोटं काढून बापाच्या पायाले लावायले पाहू लागला.

मामाजी मांगं सरकले. "नको रे," म्हणाले, "नको, बेटा."