पिवळ्या माठाला पिवळा रंग

मित्रांनो, मी पिवळ्या मातीचा एक जुना माठ आहे. माझ्या गोष्टीत घाण फार आहे, तेव्हा कुणी जेवत असाल तर आधी जेवण उरकून घ्या. मला घाई नाही. पाणी गार व्हायला जेवढा वेळ लागतो तेवढा लागतोच, हे माठाला जन्मापासून ठाऊक असतं.

कामठीच्या पलीकडे, नदीकाठच्या एका खाणीतून माझी माती आली. नागपुरात महालातल्या एका अरुंद गल्लीत कौशल्या कुंभारणीचं घर आहे. तिनं ती माती भिजवली, तुडवली आणि तिच्यात राख आणि घोड्याची लीद मिसळली. हो, लीद! नाक मुरडू नका. आमच्या भट्टीला आवा म्हणतात. आव्यात लीद जळून जाते आणि तिच्या जागी डोळ्यांना न दिसणारी छिद्रं उरतात. त्या छिद्रांतून मी पाझरतो. बाहेर आलेला तो घाम वाऱ्यावर वाळतो आणि पोटातलं पाणी गार होतं. म्हणजे माझा सगळा मोठेपणा लिदीतून आलेला आहे. मी ते कधी लपवलं नाही.

ज्या आव्यातून मी निघालो त्यात माझी भावंडंही होती. रांजण सगळ्यांत मोठा, आणि त्याला त्याची घमेंडही फार. दही लावायचं गाडगं सुस्त. संक्रांतीची सुगडं इवलीशी. त्यांच्या पोटात बोरं, हरभरा आणि उसाचे तुकडे जातात. अक्षय तृतीयेची घागर वाडवडिलांच्या नावानं पाणी भरून ठेवायची. लग्नाची मडकी चुन्यानं रंगवलेली, त्यांना न्यायला लोक बँड वाजवत येतात. माती सगळ्यांची एकच, पिवळी. पण कोण कुठल्या कामाचं हे कौशल्या चाकावरच ठरवते.

आणि एक लहान मडकं असतं. कुणी गेलं की विस्तव भरून तिरडीच्या पुढे नेतात ते. आमच्या घरी त्याची रीत वेगळी आहे. ओलं असतानाच कौशल्या त्याच्या काठावर अंगठा दाबते, म्हणजे ते इतरांत मिसळत नाही. मागच्या भिंतीला ते पालथं ठेवलेलं असतं. न्यायला आलेला माणूस त्याला टिचकी मारून पाहत नाही, भाव करत नाही. कौशल्याही ते हातात देत नाही. जमिनीवर ठेवते आणि तोंड फिरवून उभी राहते. सगळ्या भावंडांत मला त्याचाच आदर वाटायचा. एकदाच कामाला येतं आणि तक्रार करत नाही.

माझ्या नशिबी पाणपोई आली. त्याच गल्लीच्या तोंडाशी अंजनाबाई राहायच्या. पंचाहत्तरीच्या, काठीसारख्या सरळ. दरवर्षी चौदा एप्रिलला, भीमजयंतीच्या सकाळी, त्या दारात माठ मांडत आणि मृग लागेपर्यंत तो भरलेला ठेवत. नऊ उन्हाळे तो माठ मी होतो. नागपूरचा मे महिना तुम्हांला सांगायला नको. रिक्षावाले, भाजीवाल्या, शाळकरी पोरं, बँकेतले साहेब, सगळे माझ्यापाशी थांबत. अंजनाबाईंचा नियम एकच होता. लांब दांड्याचा पेला आत घालून ज्यानं त्यानं आपल्या हातानं पाणी घ्यायचं. कुणी कुणाला वरून ओतायचं नाही.

"काय गार पाणी हाय, आजी!" लोक म्हणत.

"माठाले सांग," त्या म्हणत.

आणि मला कुणी सांगितलं की मी आणखी पाझरत असे. स्तुती कुणाला नको असते?

गेल्या पावसाळ्याच्या तोंडी अंजनाबाईंचे गुडघे दुखायला लागले. त्या लेकीकडे कामठीला निघाल्या. जाताना मला घेऊन कौशल्याकडे आल्या.

"कौशल्ये, ह्याले सांभाळ वं. चौदा एप्रिलले मी येतो म्हणजे येतो. पाणपोई बंद पडली नाही पाहिजे."

"अवं मावशी, तुमचा माठ म्हणजे माह्या घरचा देव," कौशल्या म्हणाली.

देवाची काय दशा झाली ती आता ऐका.

कौशल्याचा मुलगा विक्की. वाईट नाही, पण चाकावर बसायला त्याला लाज वाटते. मोबाइलवर फोटो टाकून तो मडकी विकतो. माघ महिन्यात रितिका नावाची एक सजावट करणारी मुलगी आली. शहराच्या कडेला, बेशाला, लग्नाच्या एका लॉनवर हळदीचा कार्यक्रम होता. सगळं पिवळं हवं होतं. पडदे पिवळे, कपडे पिवळे, फुगे पिवळे.

"एक मोठा माठ आणि छोटी वीस, एका दिवसाच्या भाड्यानं," ती म्हणाली. "पण हा पिवळा फोटोत मळकट दिसते. झगझगीत पायजे."

कौशल्या त्या दिवशी माती आणायला गेली होती. विक्कीनं लहान मडकी मोजली तर पंधराच भरली. तो मागच्या भिंतीकडे गेला, पालथी ठेवलेली पाच उचलून आणली आणि बाकीच्यांत मिसळून दिली. काठ बघितला नाही. मग ऑइल पेंटचा डबा उघडला आणि सगळ्यांना फासला. मोठा माठ घरात तेवढा मीच होतो, तेव्हा शेवटी माझी पाळी आली.

मित्रांनो, तुमच्या नाकातोंडावर कुणी चिकट कापड गुंडाळलं तर कसं वाटेल? तसं झालं. माझं एकेक छिद्र बुजलं. तो वास! रॉकेल प्यायल्यासारखं मळमळत होतं. आणि मूर्खपणा बघा, पिवळ्याला पिवळा फासत होते! माती-आईनं दिलेला रंग अंगावर असताना वर त्याचंच सोंग. मला तेव्हाच शिसारी आली, पण ती सुरुवात होती.

लॉनच्या दारात मला कागदी झेंडूची माळ घालून उभं केलं. पाणी घालायचं कुणाच्या मनातही आलं नाही. संध्याकाळ झाली, गाणी वाजू लागली. नवऱ्या मुलाचे दोस्त आले. त्यांच्या गालांत खर्रा होता. तुमच्या गावी नसेल तर सांगतो : सुपारी, तंबाखू आणि चुना घोटून करतात, गालात धरतात आणि दर पाच मिनिटांनी थुंकतात. पहिल्यानं इकडेतिकडे पाहिलं. लॉन स्वच्छ होतं, गालिचे नवे होते. मग त्याला मी दिसलो.

नऊ उन्हाळे ज्या तोंडातून गार पाणी दिलं, त्या तोंडात तो थुंकला.

त्याचं पाहून दुसरा आला, मग तिसरा. मग काही विचारायचं कारणच उरलं नाही. कुणी आइस्क्रीमची काडी टाकली, कुणी नाक शिंकरलेला कागद. एका काकांनी तर बोलता बोलता माझ्या काठावर कोपर टेकलं आणि तिथूनच थुंकायची सोय करून घेतली. तांबडी, फेसाळ लाळ माझ्या पोटात साचत गेली. बाहेर पाझरून जाईल म्हणावं तर छिद्रं बुजलेली. मला माणसांची किळस आली, मित्रांनो. स्पष्टच सांगतो. त्यांच्या अत्तराची, त्यांच्या हसण्याची, हळदीनं माखलेल्या त्यांच्या गालांचीसुद्धा.

तेवढ्यात मांडवातून किंकाळी आली.

नवरीची आजी, पार्वतीबाई, मूळची महालातली. हळदीच्या पाटाभोवती मांडलेल्या मडक्यांतलं एक तिनं उचललं होतं. काठावरच्या खळगीत रंग जाडसर साचला होता. तिनं त्यावर बोट फिरवलं.

"अंगठ्याचं मडकं! अवं, हे मेलेल्याचं मडकं हाय! हळदीत आणलं? शी, शी, शी!"

एकच पळापळ झाली. बायका पाटापासून उठल्या. कुणी आंघोळीला धावलं, कुणी गोमूत्र शिंपडा म्हणालं. पाचही लहान मडकी भिंतीपलीकडे फेकली. ती फुटल्याचं मी ऐकलं. माझ्या काठाला टेकलेल्या काकांनाही किळस आली. तोंड भरलेलं होतं म्हणून त्यांना बोलता येईना. तेव्हा ते माझ्यात थुंकले, तोंड मोकळं केलं आणि मग म्हणाले, "शी! काय अपवित्र लोक!"

ज्या मडक्यात स्वच्छ विस्तवाशिवाय कधी काही पडत नाही, त्याची त्यांना शिसारी. आणि मी थुंकीनं भरलेला समोर उभा, माझ्याबद्दल कुणी चकार शब्द काढला नाही.

दुसऱ्या दिवशी टेम्पोनं मला कौशल्याच्या दारात आणून टाकलं. कौशल्या बाहेर आली. तिनं आत डोकावून पाहिलं आणि पदर नाकाला लावला. मग तिनं मागची रिकामी भिंत पाहिली. विक्कीला बोलावलं.

"हात घाल."

"आई, नळाखाली धरतो ना मी..."

"नळ नाही. हात घाल. ह्या हातानं रंग लावला ना तू? त्याच हातानं काढ."

विक्कीनं हात घातला. दोनदा बाहेर काढला, गटारापाशी जाऊन ओकला, पुन्हा घातला. कौशल्या शेजारी उभी होती, हलली नाही. सगळं निघाल्यावर त्यानं मला राखेनं घासलं, रंग विटेच्या तुकड्यानं खरवडला. तळहाताची सालं निघाली. वरचा रंग गेला, पण छिद्रांत शिरलेला कसा जाणार? आणि तो वास? मी मनाशी म्हटलं, संपलं. मी बाटलो. आता चौदा एप्रिल उजाडला काय आणि नाही काय, सारखंच.

कौशल्यानं मात्र मला महिनाभर उन्हात वाळवलं आणि नव्या मडक्यांच्या मधोमध पुन्हा आव्यात ठेवलं.

"जुना माठ दुसऱ्यांदा भाजला तं तडकते ना, आई?" विक्कीनं विचारलं.

"तडकला तं तडकला. रंगात गुदमरून तं नाही मरणार."

ती आग कशी होती ते मी सांगत बसत नाही. रंग जळताना काळा, उग्र धूर निघाला. मग तोही थांबला. तिसऱ्या दिवशी मी बाहेर आलो, पोटावर तळव्याएवढा काळा डाग घेऊन. अख्खा होतो. पण आत खरंच काही उरलं होतं का, ते पाणी भरल्याशिवाय कळणार नव्हतं, आणि पाणी भरायचं धैर्य कौशल्याला होईना. तिनं अंजनाबाईंसाठी नवाकोरा माठ केला आणि मला सुगडांच्या ढिगामागे लपवलं.

चौदा एप्रिलला सकाळी सातला अंजनाबाई कामठीच्या बसमधून उतरून, काठी टेकत आल्या. अंगावर पांढरं लुगडं. नव्या माठाकडे त्यांनी पाहिलंच नाही.

"माहा कुठी हाय?"

कौशल्याला खोटं बोलता येत नाही. तिनं सगळं सांगितलं. खर्राही सांगितला. शेवटी डोळे पुसत म्हणाली, "मावशी, तो माठ बाटला. तुम्ही हा नवा न्या."

अंजनाबाईंचा चेहरा पालटला. रागावलेलं मी त्यांना कधी पाहिलं नव्हतं.

"बाटला म्हणू नको, कौशल्ये. माह्या सासूले ह्याच शब्दानं उन्हात उभं केलं होतं. विहिरीपाशी तास तास. कोणी आलं तं वरून ओते, माही सासू खाली ओंजळ धरे. अंगावर काय घाण होती वं तिच्या? छप्पनमध्ये माह्या सासऱ्यानं, धोंडबानं, दीक्षा घेतली आणि दुसऱ्या दिवशी दारात माठ मांडला. ज्यानं त्यानं आपल्या हातानं घ्या म्हणे." त्यांनी काठी जमिनीवर आपटली. "माठ घाण झाला होता, असं म्हण. घाण धुता येते. तुझ्या पोट्ट्यानं धुतली, तू जाळली. मंग आता राह्यलं काय?"

विक्कीनंच मला ढिगामागून उचलून आणलं. अंजनाबाईंनी बोटाच्या पेरानं टिचकी मारली. मी खणखणीत वाजलो. माझंच मला नवल वाटलं.

मला अंजनाबाईंच्या दारात, जुन्या तिवईवर ठेवलं. विक्कीनं दोन बादल्या पाणी ओतलं. मग तिघं माझ्याकडे बघत बसली. ऊन वर चढत होतं. अर्धा तास गेला, तासही गेला, माझं अंग कोरडंच. कौशल्या आपल्या दारातल्या नव्या माठाकडे बघायला लागली. मित्रांनो, त्या वेळी मला किळस आठवली नाही, राग आठवला नाही. बँकेतले साहेब आणि भाजीवाल्या आठवल्या.

"आई," विक्की म्हणाला, "पाह्य ना."

काळ्या डागाच्या खाली एक थेंब आला होता. मग दुसरा आला. दुपारपर्यंत मी अंगभर भिजलो.

अंजनाबाईंनी पहिला पेला स्वतः घेतला आणि घटाघटा प्यायल्या. दुसरा विक्कीला भरून देणार, तर थबकल्या आणि पेला त्याच्यासमोर धरला. "आपल्या हातानं घे गा." त्यानं घेतला.

तुम्ही कधी त्या गल्लीत आलात तर मी दिसेन, पोटावर काळा डाग असलेला. मला रंगवू नका. मी आहे तेवढा पिवळा पुरे. परवा एक माणूस आला होता, गालात खर्रा धरून. कोपर माझ्या काठाला टेकलं आणि मी ते कोपर ओळखलं. बेशाच्या लॉनवरचे तेच काका. माझ्या अंगावर शहारा आला. अंजनाबाईंनी त्यांना गटार दाखवलं, चूळ भरायला लावली आणि मग पेला पुढे केला. बाहेर शेहेचाळीस अंश होते.

मी त्यांनाही गार पाणी दिलं.