कोर्टाच्या फाटकावर राहिलेली फुंकणी

मी एक जुनी लोखंडी फुंकणी आहे, मित्रांनो, आणि सध्या माझा मुक्काम नागपूरला, हायकोर्टाच्या फाटकावर आहे. चुलीपुढची मी इथे कशी, असे तुम्ही विचाराल. विचाराच! सांगितल्याशिवाय मलाही राहवणार नाही.

तिरोड्याच्या बाजारात एका लोहाराने मोडक्या बोअरच्या पाइपातून मला कापले. बोदलकसा तलावाजवळच्या गावातल्या रामकलीबाईंनी मला घरी नेले. ओली लाकडे पेटवायची तर माझ्यावाचून पान हलत नसे. कौतुक मात्र भाताचे! पण फुंकता फुंकता रामकलीबाईंना ढास लागे, डोळ्यांतून धारा वाहत, आणि पुढे तर धाप लागून त्या भिंतीला टेकून बसत. माझा जीव तुटे.

मग घरात गॅस आला आणि मला माळ्यावर टाकले. मी रुसले नाही, 'सुटले बाई' म्हणाले. पण सिलिंडर संपला की दुसरा आणायला लांब शहरात जावे लागे, आणि तिथेही 'उद्या या'. की मी पुन्हा खाली. अशी माझी वरात चालूच राहिली.

रामकलीबाईंची सून ओमेश्वरी जिद्दीची. गावासाठी गॅस वितरक नेमायचा होता. तिने अर्ज केला आणि सोडतीत तिचेच नाव निघाले. शेताच्या कडेला तिने नियमाप्रमाणे गोदामही बांधले. पण नियुक्तीपत्र काही येईना. कंपनीचे साहेब दरवेळी म्हणत, "प्रक्रिया सुरू आहे." रिकाम्या गोदामात चिमण्यांनी संसार थाटले, पिल्ले उडून गेली, तरी प्रक्रिया सुरूच. शेवटी ओमेश्वरीने हायकोर्टात याचिका दाखल केली.

निकालाच्या दिवशी रामकलीबाईही निघाल्या, आणि निघताना त्यांनी मला शिदोरीच्या पिशवीत खुपसले. मी कोर्टात! आनंदाने मला काही सुचेना. फाटकावर पिशवी तपासणाऱ्या पोलिसाने मला बाहेर ओढले आणि तो दचकला.

"का होय जी हे?"

"फुंकणी होय, बाप्पा. जजसाहेबाले दाखवाची हाय."

"काऊन?"

"एकडाव फुकून पाहा म्हणन त्याहीले. मंग समजन, उशीर म्हंजे का असते तं."

ओमेश्वरीने कपाळाला हात लावला. "माय, पुरावे वकिलानं देल्ले ना. हे कायले आणलं?"

पोलीस हसला. रत्नपाल त्याचे नाव, गोंदियाजवळच्या कुडव्याचा. "लोखंड अंदर नेता येत नाही, आजी. माज्याजवळ ठेवा, जातानी घेऊन जाजा."

त्याने मला खुर्चीमागे उभे केले. आत काय चालले आहे ते मला कळेना. बाहेर येणाऱ्या प्रत्येकाचे तोंड मी न्याहाळत होते. आणि एकदम त्या दोघी दिसल्या, जवळजवळ धावतच! रामकलीबाई रडत होत्या, या वेळी धुरावाचून. ओमेश्वरी फोनवर घरी सांगत होती, "महिन्याच्या आत पत्र द्या म्हणते कोर्ट! उशिराचं कारणच सांगता नाही आलं कंपनीले."

गोंदियाची गाडी गाठायची होती. त्या माझ्या समोरून निघून गेल्या. मी हाक कशी मारणार? कोणी फुंकल्याशिवाय मला आवाज कुठला?

त्या संध्याकाळी चूल कशी पेटली असेल, याची मला फार काळजी वाटली. उद्या येतील, परवा येतील, म्हणून मी वाट पाहिली. कोणीच आले नाही. मग दोन-तीन महिन्यांनी रत्नपाल सुट्टीवर गावाकडे गेला आणि परतल्यावर जोडीदाराला सांगू लागला, "त्या फुंकणीवाल्या आजीच्या गावाले गेलतो. सुनेचं गोदाम भरलं ना गा! गावातच सिलिंडर भेटून राहिला. म्या आजीले म्हटलं, तुमची फुंकणी आणून देऊ का? तं म्हणते, कायले? राहू दे तिथंच."

मित्रांनो, हे ऐकून मला नाचावेसे वाटले! जुन्या वस्तू जपा, असे माझे भाऊबंद तुम्हाला सांगतात. माझे मागणे उलटे आहे. मला कोणी परत नेऊ नका. ज्यांच्या सहीवाचून कोणाचे काम अडले आहे, त्यांनी सही आजच करावी. आणि जपायचेच असेल, तर चुलीपुढे बसणारीचा श्वास जपा.