देवीले देलेला डोळा

पोरांना त्या सिनेमाले नेऊ नका, असं अलकाबाई एकट्याच म्हणाल्या होत्या, अन् त्यांना गप्प बसवणारा मी होतो. हे आधीच सांगून टाकतो. नंतर सांगायची हिंमत राहणार नाही.

चौऱ्याऐंशी सालचा श्रावण. मी पांढुर्ण्याच्या एका शाळेत गणित शिकवत होतो. सौंसरच्या टॉकीजमध्ये देवीचा सिनेमा लागला होता अन् शाळांना अर्धं तिकीट होतं. कथा अशी की राजा लढाईत आंधळा होते, त्याची लेक देवीपुढं आपले डोळे काढून ताटात ठेवते, अन् देवी प्रसन्न होऊन बापाले अन् लेकीले, दोघांनाही डोळे देते. अलकाबाई सहावीच्या वर्गशिक्षिका, राहणाऱ्या सौंसरच्या. त्या सिनेमा पाहून आल्या होत्या.

"देवाचं नाव घेतलं म्हणजे काहीही दाखवाचं का, सर?" त्या स्टाफरूममध्ये म्हणाल्या. "ती पोरगी डोळ्यात सुरी घालते अन् कॅमेरा तिथून हलतच नाही. रक्त गळ्यापर्यंत येते. मी एवढी मोठी बाई, दोन दिवस मले जेवण गेलं नाही."

हेडमास्तर म्हणाले, सिनेमा धार्मिक आहे, पोरांवर संस्कार होतील. दुसरे एक सर म्हणाले, जुन्या काळच्या लढायांमध्ये काय फुलं उधळत होते का, खरं ते दाखवलं तं बिघडलं काय. अलकाबाई म्हणाल्या, खरं दाखवा ना, मंग डोळे परत येतात हे कायले दाखवता. तेव्हा मी तोंड उघडलं.

"बाई, तुम्ही सौंसरचे लोक संत्री खाऊन मोठे झाले. आमचे पोट्टे गोटमार पाहून मोठे झाले. लाल रंगाचं त्यांना काय भेव?" असं म्हणून मी माह्या काळ्या चष्म्यावर बोटानं टकटक केलं. सगळे हसले. बाईंनी पर्स उचलली अन् वर्गावर गेल्या.

ज्यांनी गोटमार पाहिली नाही त्यांच्यासाठी सांगतो. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी आमच्या जाम नदीच्या पात्रात पळसाचं झाड रोवतात, त्याले झेंडा बांधतात. इकडून झेंडा तोडायले पांढुर्णा, तिकडून तो राखायले सावरगाव, अन् दिवसभर गोट्यांचा मारा. डोकं फुटलं की माणूस चंडीमातेच्या मंदिरात येते, जखमेवर देवीचा अंगारा चोळते अन् परत गोटे उचलते. शेवटी झेंडा तुटला की तो वाजतगाजत मंदिरात आणतात. मी बावीस वर्षांचा असताना माहा डावा डोळा त्याच पात्रात गेला.

घरी मात्र मी 'गेला' असं कधी म्हटलं नाही. माही एकुलती लेक जयश्री लहानपणी विचारे, "बाबा, तुमचा डोळा कुठी आहे?" मी सांगायचो, देवीले देला. "दुखलं नाही?" छट्, अंगारा लावला अन् झालं. असं सांगताना माही छाती फुगत होती. चष्म्याखाली मी कापसाची चकती लावून राहायचो, घरातही, झोपतानाही. ती जागा तिनं कधी पाहिली नव्हती.

सिनेमा पाहून येताना बसमध्ये दोन पोरी ओकल्या. जयश्री अलकाबाईंच्याच वर्गात होती, तिनं म्हणे डोळेसुद्धा मिटले नाही. मी त्या गोष्टीची स्टाफरूममध्ये शेखी मिरवली. माहीच पोरगी आहे, म्हटलं.

त्यानंतर ती थोडी गप्प गप्प राहायले लागली. एक दिवस मी वह्या तपासून राहिलो होतो, ती बाजूले येऊन बसली. "बाबा, देवी सगळ्यात खूश केव्हा असते?"

"झेंडा मंदिरात येते तेव्हा," मी वहीतून मान वर न करता म्हणालो. "तेव्हा जे मागाल ते देते."

गोटमारीच्या दिवशी मी घरीच होतो. बायको, चंद्रकला, मले त्या दिवशी नदीकडं जाऊ देत नाही. तीनच्या सुमारास मी ओट्यावर बसलो होतो, नदीकडून गलका येऊन राहिला होता. चंद्रकला बाहेर आली.

"जयश्री तुमच्याजवळ नाही? पूजेचं ताटही दिसून नाही राहिलं."

गेली असल शेजारी, असं म्हणून मी आत पाणी प्याले गेलो. खाटेवर तिची कंपासपेटी उघडी पडली होती. पट्टी होती, पेन्सिल होती, खोडरबर होतं. कर्कटक नव्हतं. गणिताचा मास्तर मी, ते टोकदार कर्कटक मीच तिले जूनमध्ये आणून देलं होतं.

ताट, कर्कटक, झेंडा, देवी खूश असते, जे मागाल ते देते. एवढा सोपा हिशोब अन् मले पंधरा दिवस समजला नव्हता. चंद्रकलेले काही न सांगता मी तसाच अनवाणी पळत सुटलो.

मंदिर नदीच्या बाजूनंच. रस्ते माणसांनी भरले होते. डावीकडचं मले दिसत नाही, म्हणून मी भिंतींवर, माणसांवर आदळत चाललो होतो. एक गोटा खांद्याले लागला. डोक्यात एकच चाललं होतं की झेंडा तुटला नाही तोवर ती थांबल. शहाणी पोरगी आहे, सांगितल्यासारखं करते. देवा, सावरगाववाल्यांना अजून घंटाभर दम दे. पांढुर्ण्याच्या माणसानं असं मागणं कधी मागितलं नसल.

तेवढ्यात नदीकडून एकच आरोळी उठली अन् ढोल वाजायले लागले. झेंडा तुटला होता.

मंदिराच्या पायऱ्यांवर जखमी बसले होते. आमच्या गल्लीतला गुणवंता डोक्याले अंगारा चोळत उभा होता, रक्त त्याच्या कानावरून गळून राहिलं होतं. "गुरुजी, आपली जीत झाली," तो हसत म्हणाला. मी त्याले ढकललं अन् आत घुसलो.

ती देवीच्या उजव्या हाताच्या कोपऱ्यात बसली होती. मांडीवर ताट, ताटात फुलं अन् कागदात बांधलेला अंगारा. नंतर लावायले. कर्कटकाच्या टोकाले तिनं कुंकू लावलं होतं. ढोल जवळ येऊन राहिले होते.

मी तिच्यापुढं बसलो. हात पकडायची मले भीती वाटली. धक्का लागला असता तं? टोक तिच्या गालाजवळ होतं.

"बाबा, तुम्ही काऊन आले?" ती हळूच म्हणाली. "तुम्हाले घरीच मिळणार होता. मी डावाच देऊन राहिली. देवी मंग दोघांचेही देते."

"खाली ठेव, माय."

"तुम्ही देला तेव्हा दुखलं नाही ना?"

ढोल पायऱ्यांशी आले होते. मी तिले सिनेमातलं रक्त रंगाचं असते असं सांगू शकलो असतो. पण तिले सिनेमानं थोडीच फसवलं होतं.

"मी देला नाही, जयश्री. गेला. मी भेऊन पळून राहिलो होतो, मागं पाहिलं अन् गोटा बसला. नागपूरच्या दवाखान्यात आठ दिवस मी तुह्या आजीचा हात धरून रडलो. लय दुखलं. अंगारा लावला होता, तरी गेला."

"तुम्ही खोटं सांगून राहिले," ती म्हणाली. तिनं कर्कटक सोडलं नाही.

मंग मी चष्मा काढला. कापसाची चकती ओढून काढली अन् तोंड तिच्याजवळ नेलं, दिव्याच्या उजेडात. चौदा वर्षांत मी ती जागा आरशातही नीट पाहिली नव्हती.

तिनं पाहिलं. मंग ती अशी किंचाळली की ढोलवालेही थांबले. कर्कटक फरशीवर पडलं, ताट उलटलं, अन् माही लेक माह्यापासून सरकत सरकत भिंतीले जाऊन चिकटली. सिनेमात न मिटलेले डोळे तिनं दोन्ही हातांनी गच्च झाकून घेतले होते.

ती मले भेली होती. मी तिथंच देवीपुढं हात जोडले अन् रडलो. झेंडा आत आला, लोक आम्हाले ओलांडून पुढं गेले, तरी मी चष्मा लावला नाही.