पाच बोटं जाड

गोळीबारातल्या मृतांच्या दगडाबद्दल नगरपालिकेने केलेल्या ठरावात ‘कथित’ हा शब्द सात वेळा आला.

कोपऱ्यावरच्या म्हातारीने चाळीस वर्षं एका घराचा उंबरा ओलांडला नाही.

दगडावरचं अक्षर घालवायचं तर दगडच झिजवावा लागतो.

एका पोरीला शाळेत ‘पुसणाऱ्याची’ म्हणत.

ती पोर आता पन्नाशीची, बापासारखीच दगडावर अक्षरं कोरते. चौकातल्या कमानीला दोन सारखे दगड. डावीकडे बांधकामाची तारीख. उजवीकडे एके काळी गोदीतल्या गोळीबारात मेलेल्यांची नावं होती. मग सरकार बदललं, हुकूम आला, आणि बापाने नावं खरवडून ‘शिस्त हीच प्रगती’ कोरलं. निदान लोक तसं म्हणत. बाप हो म्हणाला नाही, नाहीही म्हणाला नाही. तोंडात गुळणी धरूनच गेला.

आता पुन्हा सरकार बदललं होतं. जुना दगड दुपारी फोडायचा, नवा बसवायचा. पण त्यावर नावं कोणती? यादी कधीच जळालेली. कुणी म्हणे अकरा गेले, कुणी म्हणे मेलंच नाही कुणी.

ती माप घ्यायला आली तेव्हा म्हातारी पायरीवर बसलेली.

“आता काय पुसायला आलीस गं?”

“माप घ्यायला, मावशी.”

“बापाने माझा भाऊ पुसला, लेक माप घेतेय. चालू दे धंदा.”

मजुरांनी कडेचा चुना काढला होता, जाडी उघडी पडलेली. तिने डावा दगड मोजला. पाच बोटं. उजवा मोजला. पाच बोटं. पुन्हा मोजला. खरवडलेला दगड साडेचारच भरायला हवा होता.

“हा फोडू नका,” ती मुकादमाला म्हणाली. “उलटा करा.”

“पाठ बघून काय लग्न जमवायचंय, बाई?”

“एकदा करा. मग मीच घण मारते.”

चार मजुरांच्या कमरा कामाला आल्या. दगड वाळूवर पालथा झाला. तिने ओल्या फडक्याने चुना पुसला. अकरा नावं. ऊनपाऊस न लागलेली, कालच कोरल्यासारखी.

म्हातारी उठली. चौथ्या नावावर बोट ठेवून तिने अक्षर अन् अक्षर गिरवलं.

“तुझ्या बापाने, मेल्याने, सांगायचं तरी.”

“सांगितलं असतं तर दगड राहिला असता का, मावशी?”

म्हातारीने नावावरचं बोट उचललं. मग गुडघ्यावर हात टेकत म्हणाली, “चल, तुझ्या घरी चहा टाक.”

दगड पहिल्यांदा उलटवला त्या दिवशी बापासोबत आणखी तिघं होते, आणि त्यांनीही कधी तोंड उघडलं नाही.