अल्टरच्या पेटीतले सात कोट

"बाई, तपासताय काय? कापा!"

सुपरवायझर ओरडला तेव्हा तिचा हात कोटाच्या डाव्या काखेत होता. कोट उलटा केलेला, अस्तर वर, आणि दोन बोटं शिवणीवरून चाललेली. एकोणीस वर्षं चेकिंगच्या टेबलावर घासलेली बोटं. पीस हातात आला की आधी काख, मग कॉलर, मग खिसे, शेवटी बटणं. कारखान्यात तिला सगळे दुर्बीण म्हणत. नव्या मुलींना तिचं खरं नाव ठाऊकच नव्हतं, आणि तिनेही ते कुणाच्या गळ्यात मारलं नव्हतं.

"कापतेय," ती म्हणाली.

टेबलावर एक कागद चिकटवलेला. त्यावर कोटाचं चित्र, चित्रावर तीन लाल रेघा. एक पाठीवर, कॉलरपासून थेट खालपर्यंत. दोन बाह्यांवर. इतकं सुबक चित्र कोट शिवायच्या वेळीसुद्धा आलं नव्हतं.

चौदाशे कोट. जाड, दुहेरी अस्तराचे, गुडघ्याखाली येणारे. इथल्या हवेत कुणी पाच मिनिटं घातला तर घेरी येऊन पडेल. तीन महिने दोन-दोन पाळ्या करून शिवले. माल जहाजावर चढायच्या आधीच तो मागवणारी कंपनी म्हणाली, नको.

नको तर नको. पण मग दुसऱ्या कुणालाही नको.

*

"पण झालं काय, ते तरी कळू द्या," बटणने विचारलं. बटण म्हणजे तिची धाकटी नणंद. बटणाच्या मशीनवर बसायची म्हणून हे नाव. आज मशीन बंद, आणि तिच्याही हातात कात्री.

"तिकडे यंदा थंडीच पडली नाही," सुपरवायझर म्हणाला. "त्यात व्याज वाढलं. लोकांचे घराचे हप्ते वाढले. हप्ता भरतील का कोट घेतील?"

"म्हणजे हप्ते त्यांचे वाढले आणि कात्री आमच्या हातात. रोग रेड्याला, औषध पखालीला!"

"जगाचीच परिस्थिती तशी आहे बाई. मंदी आहे."

"आणि तेजी होती तेव्हा? तेव्हा तर तुम्ही संडासाला कुलूप लावलं होतंत."

रांगेतल्या बायका फिसकन हसल्या. मागून कुणीतरी म्हणालं, "गोरगरिबांना वाटून टाका की मग."

"करारात बसत नाही. उद्या हा कोट रस्त्यावर कुणाच्याही अंगावर दिसला, तर त्यांचं नाव खराब होतं."

कुणाच्याही अंगावर. हे म्हणताना त्याची नजर रांगेवरून फिरली. मुद्दाम नव्हे. सहज. ती सहज नजरच जास्त किळसवाणी.

मग त्याने खिशावर थाप मारली. "आता नीट ऐका. सगळे कोट कापून आकडा जुळला, आणि फोनवरून मोजणी बघणारा कंपनीचा साहेब हो म्हणाला, की कारखान्यातल्या दीडशे जणींपैकी वीस जणी ठेवायच्या आहेत. यादी इथे आहे. तुम्हा नणंद-भावजयांची दोघींचीही नावं आहेत त्यात. तेव्हा तोंड बंद आणि हात चालू."

दुर्बिणीने पुढचा कोट ओढला. नवरा बंदरात माल उतरवायचा. जहाजं येईनाशी झाली तसा दोन महिने घरी होता, भिंतीकडे तोंड करून झोपायचा. घरात मिळवत्या आता या दोघीच.

*

पीस: सुपरवायझर. दोष: मान. एकाच बाजूला वळते.

अशा चिठ्ठ्या ती मनातल्या मनात भरायची. खऱ्या चिठ्ठ्या खराब मालाच्या, या माणसांच्या. एरवी त्यात मौज असे.

चांगलं कापड सहजी कापत नाही. कात्रीला अडवतं. कॉलरपाशी चार पदर येतात, तिथे मनगट पिळवटतं आणि करकर आवाज होतो, दातात खडा यावा तसा. लोकरीची बारीक लव उडते. ती ओठांना चिकटते, घामात भिजते, थुंकी गिळली की घशात उतरते. दुपारपर्यंत दुर्बिणीच्या तोंडाला ओल्या कुत्र्याची चव आली होती. डबा उघडला आणि तसाच मिटला.

समोरच्या भिंतीवर मागच्या वर्षीचा फलक. कोणी पाहुणे आले होते, तेव्हाचा. 'आपण वाढतो आहोत!' आणि शेजारी वर जाणारा हिरवा बाण. त्याच्याखाली फाडलेल्या कोटांचा ढीग बाणाच्या टोकापर्यंत पोचला होता. वाढ म्हणतात ती हीच असावी.

"वहिनी, माझी बोटं बघ," बटण कुजबुजली. अंगठ्याला फोड आला होता. "शिवताना असं कधी झालं नाही गं."

"फोडू नकोस. पाणी गेलं की जास्त झोंबेल."

पीस: फोड. दोष: नाही. पास.

*

पाच वाजता मोजणी झाली. फोन स्टँडवर उभा, त्यात कंपनीचा माणूस. गोरापान, हसरा, हातात कप. मागे खिडकीत त्याच्याकडची सकाळ. तो त्याच्या भाषेत बोलायचा आणि सुपरवायझर मान हलवायचा, न कळलेल्या वाक्यांनाही.

तेराशे त्र्याण्णव.

पुन्हा मोजले. तेराशे त्र्याण्णव.

"सात कमी," सुपरवायझरचा आवाज पातळ झाला. "कुणी उचलले? आत्ताच सांगा. एकीमुळे वीसच्या वीस जातील."

कुणी कुणाकडे पाहीना. मग एकेक करून सगळ्या दुर्बिणीच्या टेबलाकडे पाहू लागल्या, कारण सात पीस तिच्याच गठ्ठ्यातले कमी होते.

बटण कानाशी आली. "वहिनी, खरं सांग हं. दादासाठी घेतलास का एखादा, विकायला? मी नाही कुणाला सांगणार."

एकोणीस वर्षांत तिने सुईसुद्धा घरी नेली नव्हती. आणि विचारणारी घरातलीच. ते कोट, तो फोनमधला कप, कानाशी आलेला तो मायाळू संशय. सगळं तिला एकदम नकोसं झालं.

मग तिची नजर टेबलाखाली गेली.

अल्टरची पेटी. दुरुस्तीचा माल टाकायची. आत सात कोट, नीट घडी घातलेले, प्रत्येकावर लाल बाणाची चिकटपट्टी. कुठे काखेत टाका सुटलेला, कुठे अस्तर लोंबलेलं, एकाचं बटण सैल. दिवसभर हातांनी आपलं आपण काम केलं होतं. फाडायच्या मालातून खराब माल वेगळा काढला होता.

पेटीत डोकावून सुपरवायझर खो खो हसला. त्याने फोनमधल्याला सांगितलं. तोही हसला, इतका की कपातलं सांडलं. "साहेब म्हणतात, अशी चेकर आम्हाला आमच्याकडे मिळत नाही. पेटीसोबत तुमचा फोटो हवाय त्यांना."

तिने फोटो काढू दिला नाही. पेटी टेबलावर घेतली, टेबलाच्या खणातून सुई काढली आणि दोरा ओवला.

"हे काय चाललंय?"

"अल्टर."

"डोकं फिरलं का? फाडायचेच आहेत ते!"

"माझ्या टेबलावरून खराब माल जहाजावर गेला नाही कधी. कात्रीखाली कशाला जाईल? अर्धा तास लागेल. साहेबांना थांबायला सांगा."

सुपरवायझर फोनकडे वळून गोड हसला, काहीतरी भलतंच बोलला. मग तिच्याकडे झुकून दातांतून म्हणाला, "यादी खिशात आहे. विसरू नका."

"मग काढा की."

त्याने काढली. सगळ्यांना दिसेल अशी धरली आणि तिच्या नावावर रेघ ओढली. बटण अर्धी उठली.

"बस खाली," दुर्बीण वर न पाहता म्हणाली. "घरात एक पगार लागतो."

बटण बसली. तिचे कान लाल झाले होते. तिने मान वर केली नाही, आणि दुर्बिणीला ते बरंच वाटलं.

टाका. गाठ. दोरा दाताने तोडला. फोनमधला माणूस ब्रेड खात होता, चावताना त्याचा जबडा पडदाभर हलत होता. सातव्या कोटाचं बटण घट्ट झालं तेव्हा तिने सातही कोट पालथे करून ठेवले, पाठी वर, आणि कात्रीची मूठ सुपरवायझरपुढे केली.

"घ्या. पास आहेत. आता तुम्ही कापा, मी कामावर नाही."

त्याने रांगेकडे पाहिलं. एकही बाई हलली नाही. फोनमधला घड्याळाकडे बघत होता. अखेर त्याने कात्री घेतली. बायकांच्या बोटांनी झिजलेली ती मूठ, त्याचा अंगठा निम्माच आत गेला. कॉलरच्या चार पदरांत कात्री अडकली. त्याने ओढली, कापड सरकलं, पुन्हा ओढली. कपाळावरचा घाम कोटावर टपकला.

दुर्बिणीने एप्रन सोडला, झटकला. जाताना ती क्षणभर त्याच्या खांद्यामागे थांबली.

"वाकडं जातंय," ती म्हणाली.