पाणी कुठून आणायचीस?

“चुकलं. परत सांग,” कातेंबो मास्तर म्हणाले आणि त्यांनी काटकीनं भिंतीवरच्या नकाशातल्या निळ्या रेघेवर टकटक केलं.

काहिंदो मांडीवर कसाव्याचा पाला घेऊन निवडत बसली होती. तिनं मान वर केली. “नदी म्हंजे नदी, मास्तर. आमच्या शेजारच्या पलुकूच्या केळीमागनं जाती. पावसात गढूळ हुती. आनखी काय सांगू?”

“असं नाही सांगायचं. सेम्लिकी नदी एडवर्ड सरोवरातून निघते, उत्तरेला वाहत जाते आणि अल्बर्ट सरोवराला मिळते. म्हण.”

“मी तिथं जलमले. मला माझंच गाव शिकवताय व्हय?”

“गाव माहीत असणं वेगळं आणि सांगता येणं वेगळं,” मास्तर म्हणाले. हे वाक्य त्यांना स्वतःलाच इतकं आवडलं, की पुढे दोन दिवस त्यांनी ते ज्याला त्याला ऐकवलं.

सीमेच्या अलीकडे, युगांडातल्या या वस्तीत सगळे काँगोतून जीव घेऊन आलेले. प्रत्येकाला एक दिवस कचेरीत बोलावणं येई. तिथली बाईसाहेब तुमच्या मुलखाची माहिती विचारी आणि तुम्ही खरंच तिथले आहात की नाही ते ठरवी. ठरलं तर कागद, शिधा आणि राहायला जागा. नाही ठरलं तर आल्या वाटेनं परत. आणि आल्या वाटेवर काय होतं ते सगळ्यांनाच ठाऊक होतं.

म्हणून लोक मास्तरांकडे येत. बेनी शहरातल्या शाळेत इतिहास-भूगोल शिकवण्यात त्यांचं आयुष्य गेलं होतं. शाळा जळाली, पण मास्तर काही शिकवायचे थांबले नाहीत. झोपडीच्या मातीच्या भिंतीवर त्यांनी कोळसा, विटांची भुकटी आणि कपड्याला घालायची नीळ वापरून जगाचा नकाशा काढला होता. त्यात काँगो एवढा मोठा झाला, की बाकीच्या जगाला उरलेल्या जागेत दाटीवाटीनं बसावं लागलं. रशिया तर खिडकीपाशीच संपला. देश स्वतंत्र कधी झाला, त्याचं नाव झाईर कधी झालं आणि ते परत कधी बदललं, प्रांत किती, रुवेंझोरीचं सर्वांत उंच शिखर किती मीटर, सगळं ते घोकून घेत. फी म्हणजे वाटीभर घेवडा किंवा थोडा कोळसा. संध्याकाळी चपातीच्या टपरीवर पोरं पैज लावत की ऑस्ट्रेलियाची राजधानी सिडनी. मास्तर कॅनबेरा म्हणून गरम चपाती खात घरी येत. ‘माहीत नाही’ हे शब्द त्यांच्या तोंडून कुणी ऐकले नव्हते. मयताला गेले तरी पाद्र्याची सनावळी दुरुस्त करून येणारा माणूस.

त्यांच्या हाताखालून गेलेलं कुणी नापास झालं नव्हतं. त्यातले काही तर सेम्लिकीच्या भागातले नव्हतेच. दुसरीकडून पळून आलेले, पण तिकडच्या लोकांना कागद मिळेनात म्हणून सेम्लिकीकाठचे झालेले. मास्तरांना ते कळत होतं. पोटात पोरं असलेल्या बायका दारात उभ्या राहिल्या, की ते गाव विचारत नसत. सरळ नदीपासून सुरुवात करत.

काहिंदो मात्र अस्सल तिथली. शेजारच्या झोपडीत चार वर्षांच्या नातीला घेऊन राही. शिकायला ती आपणहून आलीच नव्हती. मास्तरांनीच तिला बोलावून बसवलं होतं. पुस्तकी माहिती नसली तर बाईसाहेबांचा विश्वास बसणार नाही, मधेच केळी आणि पलुकू असलं काही बोलू नकोस, असं त्यांनी तिला दटावून दटावून शिकवलं. शेवटी ती धडाधडा म्हणायला लागली. त्या दिवशी मास्तरांना शाळेत असल्यासारखं वाटलं.

काहिंदो नापास झाली.

मास्तरांना आधी ते खरंच वाटेना. ते टपरीवर ब्वांबालेला गाठायला गेले. ब्वांबाले कचेरीतला दुभाषा. सीमेच्या इकडचा असला तरी बोली तीच, त्यामुळे दोन्हीकडच्यांना तो आपला वाटे. त्यानं मास्तरांसाठी चहा मागवला.

“तुमचं वाक्य छान आहे, मास्तर,” तो मग म्हणाला. “मला पाठ झालंय.”

“कुठलं वाक्य?”

“सेम्लिकीचं. कितीजणांच्या तोंडून ऐकलं असेल मी. बाईसाहेबांनीही ऐकलं. आधी त्यांना काही वाटलं नाही, हळूहळू लक्षात आलं. काहिंदोला त्यांनी नदी विचारलीच नव्हती. सकाळी पाणी कुठून आणायचीस, एवढंच विचारलं. ती ताठ बसली आणि म्हणाली, सेम्लिकी नदी एडवर्ड सरोवरातून निघते. बाईसाहेबांनी पेन खाली ठेवलं.”

मास्तरांचा चहा तसाच राहिला.

“ती तिथलीच आहे, ब्वांबाले. तिची बोली ऐकून तुला कळलं नाही?”

“पहिल्या शब्दाला कळलं. पण दुभाष्यानं मत द्यायचं नसतं.” त्यानं नजर दुसरीकडे वळवली. “फेरसुनावणी आहे पुढच्या आठवड्यात. तेव्हा तरी तिला तिच्या स्वतःच्या शब्दांत बोलू द्या.”

घरी येताना मास्तरांना वाटेतल्या एकाही माणसाकडे बघवेना. ज्यांनी ती नदी जन्मात पाहिली नव्हती, ते त्या वाक्यावर पास झाले. तेव्हा ते ताजं होतं. जिनं त्या पाण्यात भांडी घासली, तिच्या वाट्याला ते शिळं होऊन आलं. आणि ते तिच्या गळ्यात बांधलं कुणी? मागायला तरी आली होती का ती?

दुसऱ्या दिवशी ते कचेरीच्या फाटकाशी जाऊन उभे राहिले. आत जाऊन सांगायचं, वाक्य माझं आहे, बाई खरी आहे. पण मग पुढचा प्रश्न येणारच, की हे वाक्य आणखी कुणाकुणाला दिलं. शिधा मिळू लागलेली, दारात मिरच्या लावलेली एकेक घरं त्यांच्या डोळ्यांपुढे आली. पहारेकऱ्यानं काय काम म्हणून विचारलं. मास्तर म्हणाले, काही नाही, कचेरी किती वाजता उघडते ते बघायला आलो होतो. कचेरी समोर उघडीच होती. परत येताना त्यांना स्वतःची इतकी लाज वाटली, की ते वस्तीला वळसा घालून मागच्या वाटेनं आले.

काहिंदो दारात शेंगदाणे कुटत होती. मास्तर तिच्यापुढे जमिनीवरच बसले.

“माझ्यामुळे झालं हे. मी तुला चुकीचं शिकवलं.”

“छ्या. तुमचं कसं चुकंल?” ती म्हणाली. “मीच मधलं ‘उत्तरेला’ म्हनायची इसरले वाटतं. परत एकदा घोकून घ्या माझ्याकडनं. आता न्हाई चुकायची.”

यापेक्षा तिनं मुसळ फेकून मारलं असतं तर मास्तरांना बरं वाटलं असतं.

“घोकायचं काही नाही आता. सगळं विसर. मला एवढंच सांग, सकाळी पाणी कुठून आणायचीस?”

काहिंदोनं मुसळ बाजूला ठेवलं, अंगावरचं कापड सारखं केलं आणि ताठ बसली. मास्तरांच्या उघड्या दारातून आतली भिंत दिसत होती. तिची नजर तिकडे गेली.

“सेम्लिकी नदी एडवर्ड सरोवरातून...”

मास्तर उठून गेले.

दुपारी त्यांनी ओढ्यावरून माती आणली, पाणी घालून कालवली आणि नकाशावर थापायला सुरुवात केली. आयुष्यभर खडू धरलेला हात तो. माती भिंतीला चिकटण्याऐवजी त्यांच्या पायावर पडत होती. काहिंदो दारात येऊन बघत उभी राहिली. इतका चांगला नकाशा का बुजवताय म्हणून तिनं विचारलं. दुसरा गोळाही खाली पडला तेव्हा तिला राहवलं नाही. ती आत आली, त्यांना बाजूला सारलं आणि स्वतः सारवायला लागली.

“ह्या मातीला चिकाटीच न्हाई,” ती थोड्या वेळानं म्हणाली. “आमच्या झऱ्याची माती कशी हुती, लोण्यावानी. एकदा हात फिरवला की बसली.”

मास्तर हालले नाहीत. “कुठला झरा?”

“बांबूच्या बेटाखालचा. नदीचं पानी कोन पितंय? नदी कापडं धुवायला.” तिचा हात फिरत होता, ऑस्ट्रेलिया गेला, मग समुद्र. “झऱ्याला बारीक धार. डबा भरायला लई वेळ लागायचा, म्हनून बायका गप्पा मारत बसायच्या. त्या दिशी मी दोनदा गेले. पोरगी म्हनाली, आई, बाळाला घिऊन जा, मी चूल बघते. बाळाला, ह्या माझ्या नातीला, पाठीला बांधलं आन् गेले. धार लागली हुती, डबा अर्धा झाला हुता, तवा वरनं, गावातनं, गोळ्यांचा आवाज आला.”

तिनं माती नीट पसरवली. एवढ्यात ती काँगोवर आली होती.

“डबा तितंच राहिला. भरून वाहिला आसंल.”

हेच बाईसाहेबांनी विचारलं होतं. हेच ती सांगणार होती आणि आपण तिला सांगितलं होतं की मधेच असलं काही बोलू नकोस.

“हे सांग,” ते म्हणाले. “तिथे हेच सांग.”

“हे?” काहिंदो वळली. तिच्या हाताखाली निळ्या रेघेचा एक तुकडा अजून उघडा होता. “ह्यात सरोवर न्हाई, काय न्हाई. हे बरोबर हाय का, मास्तर?”

“मला माहीत नाही, काहिंदो. मी कधी तिथे गेलो नव्हतो.”

तिला ते पटलं नसावं. मातीचा हात भिंतीला तसाच टेकवून ती थांबून राहिली, मास्तर आता बरोबर काय ते सांगतील म्हणून.