फळीवरचा वाघ

देवूने लाकडी फळीवर कोरलेला पहिला वाघ बघून त्याची बायको ठमी म्हणाली होती, "कुत्रं बरं काढलंस." पाड्यावरच्या बाकीच्यांनी देवाची फळी म्हणून तोंडावर हात धरले, पण हसले सगळेच. तरी ती फळी वाघदेवाच्या ठाण्यावर उभी राहिली, कारण दुसरी नव्हती. दरवर्षी दिवाळीच्या तोंडावर, वाघबारशीला, तिला शेंदूर लागायचा, नारळ फुटायचा, कोंबडा कापला जायचा, आणि दरवर्षी मागून कोणीतरी देवूला ऐकू जाईल इतपत भुंकायचं. बारा वर्षं त्याने हे भुंकणं ऐकून घेतलं.

उमरोळी स्टेशनापासून पूर्वेला दोन तास चाललं की डोंगराच्या पायथ्याशी हा पाडा लागतो. इथे वाघ होते ते देवूच्या बापाच्या काळात. बापाने वाघ चार वेळा पाहिला होता, म्हणून त्याच्या हातची फळी बघून पोरं आईच्या मागे लपायची. देवूने बापाकडून पटाशी घेतली, लाकडाची पारख घेतली, पण पाहिलेला वाघ काही बापाकडून घेता येत नाही. यंदा वाळवीने देवूची फळी खाल्ली आणि पाड्याने पुन्हा त्यालाच सांगितलं, दिवाळीच्या आत नवी कर. ठमीला जाऊन दोन वर्षं झाली होती. या खेपेला वाघाचा कुत्रा झाला तर तसं तोंडावर सांगणारं घरात कोणी उरलं नव्हतं. भुंकण्यापेक्षा त्याला याचंच जास्त वाईट वाटायचं.

तेव्हा चौऱ्याऐंशी साल चालू होतं. हंगामात देवू तारापूरकडच्या आत्माराम चुरी यांच्या वाडीत कामाला जायचा. आत्मारामभाऊंना चिकूच्या खालोखाल सहली काढण्याचा नाद. दर फेब्रुवारीत एक बस ठरवायची, गावोगावची माणसं भरायची आणि कुठेतरी घेऊन जायची. यंदा सात दिवसांत सिन्नर, वेरूळ, लोणार, मग ताडोबाचं जंगल आणि शेवटी मार्कंडा. जुनी देवळं बायकांसाठी आणि वाघ पुरुषांसाठी, अशी त्यांनी मनाशी वाटणी केली होती. बायकांना कोणी विचारलं नव्हतं. स्वयंपाकाला भिका होताच, पाण्याला आणि लाकूडफाट्याला माणूस हवा होता.

"भाऊ, वाघ हाय ना तिथं?" देवूने विचारलं.

"पैजेवर दाखवतो."

मजुरी किती ते ऐकायला देवू थांबलाच नाही. पन्नाशी उलटलेला हा माणूस पाड्यावर जाऊन घोंगडी घेऊन आला आणि दुसऱ्या दिवशी पहाटे बोईसरला बसपाशी उभा राहिला.

एकटं माणूस सहलीला आलं की त्याला कुठे बसवायचं, हा प्रश्न बसमध्ये चढताक्षणी सुरू होतो. बाकी सगळी जोडप्याने आलेली. त्यांनी दोन-दोनच्या सीटा धरल्या. उरल्या त्या मंदाबाई पाटील. उमरोळीच्या शाळेतून नुकत्याच निवृत्त झालेल्या, लग्न न केलेल्या, जाड भिंगांच्या चष्म्याच्या. त्यांना अगदी मागचं बाकडं मिळालं, आणि तिथेच पातेली, स्टोव्ह, तांदळाची पोती आणि देवू. भिका ड्रायव्हरच्या शेजारी बसून गप्पा छाटत होता. पहिल्याच थांब्यावर देवू "पाणी नाय" म्हणाला आणि पुढच्या सीटवरच्या एकाने त्याचं ते "नाय" हेल काढून परत म्हणून दाखवलं. चार जण हसले. त्यानंतर देवूने तोंड मिटून घेतलं. सिन्नर गेलं, रात्रीचा मुक्काम झाला, भांडी झाली, आणि दीड दिवसात तो एका माणसाशीही बोलला नाही. पाड्यावरही ठमीच्या मागे तो फारसा बोलत नसे, पण तिथे निदान गप्प बसलेल्याला काय म्हणायचं आहे ते माणसांना कळायचं.

वेरूळला सगळे कैलास लेण्यात पुढे गेले तेव्हा तो दगडी हत्तींपाशी अडकला. हत्तीच्या पायावरून, पोटावरून तो हात फिरवत राहिला.

"काय शोधतोस?" मागून मंदाबाईंनी विचारलं.

देवू म्हणाला, "बाई, यानं हत्ती पाहिला असंल ना? कोरणाऱ्यानं?"

"पाहिल्याशिवाय असा येईल का?"

"तेच." आणि दीड दिवस साठलेलं सगळं त्याच्या तोंडून बाहेर आलं. फळी, वाळवी, ठमी, भुंकणारे लोक.

मंदाबाई हसल्या, पण ते हसणं त्याला लागलं नाही. "अरे, मी तीस वर्षं फळ्यावर वाघ काढलाय. एकदा तपासणीला आलेले साहेब म्हणाले, बाई, मांजर छान जमलंय. पोरांसमोर म्हणाले." त्यांनी चष्मा काढून पदराने पुसला. "गेल्या वर्षी मोतीबिंदू काढून घेतला. डॉक्टरांनी विचारलं, एवढी घाई कशाला? म्हटलं, एक वाघ बघायचा राहिलाय. घरी वाट बघणारं कोणी नाही, देवू. मग निदान मी तरी कशाची तरी वाट बघावी."

तिथून मागच्या बाकड्यावर गप्पा सुरू झाल्या. लोणारच्या देवळात बाईंनी त्याला हाताला धरून आत नेलं आणि पुजाऱ्याने भुवया चढवल्या तेव्हा त्याच्याकडे असं काही बघितलं, की तो वर्गातल्या पोरासारखा बाजूला झाला. चंद्रपूर सोडून गाडी जंगलाकडे वळली तेव्हा देवू म्हणाला, "बाई, आता नाव घेऊ नका."

"कोणाचं?"

"त्याचं. माझा बा सांगायचा, रानात त्याचं नाव घ्यायचं नाय, त्याला बोट दाखवायचं नाय. दिसला तर हात जोडायचं, न् वाट सोडायची. हद्द ओलांडली की मग बोलायचं."

"बरं. 'तो' म्हणू," मंदाबाई म्हणाल्या, आणि तिथून पुढे दोघंही 'तो'च म्हणू लागले. पुढच्या सीटांवर वाघ, वाघ असा नुसता गजर चालला होता.

ताडोबात दोन रात्री, चार फेऱ्या. वनखात्याच्या उघड्या जीपगाड्यांत माणसं मोजून बसायची, आणि त्या मोजणीत देवू कुठेच नव्हता. माणसं जंगलात आणि तो नळावर. मोकळ्या वेळात तळ्याकाठच्या ताडोबा देवाच्या ठाण्यावर मात्र जाऊन आला. वाघाशी झुंजून मेलेला कोणी तारू, त्याचा हा देव झाला, असं तिथल्या चौकीदाराने सांगितलं. सबंध प्रवासातला हा पहिला देव त्याला ओळखीचा वाटला. भिकाकडून एक नारळ मागून आणून त्याने तिथे वाढवला. संध्याकाळी मंदाबाई येऊन चुलीपाशी बसायच्या आणि सांगायच्या: चितळं, सांबर, गवे, तळ्यात एक मगर. "तो नाही."

तिसरी फेरीही तशीच गेली. शेवटच्या दिवशी पहाटे एक जण सर्दीने उठला नाही आणि जीपमध्ये जागा झाली.

"देवू येईल," मंदाबाई म्हणाल्या.

"देवू?" आत्मारामभाऊ म्हणाले. "आणि न्याहारीचं?"

"न्याहारी अर्धा तास उशिरा झाली तर कोणी मरत नाही, आत्माराम." आत्मारामभाऊ एके काळी त्यांच्याच शाळेत पोरगा धाडत होते, ते काय बोलणार?

देवू मागच्या कोपऱ्यात बसला, डाव्या अंगाला. त्याला खेटून मंदाबाई. थंडी होती. त्यांच्या शालीचं टोक त्याच्या गुडघ्यावर आलं होतं. तासभर काही दिसलं नाही. मग उजव्या बाजूच्या झाडीत चितळ ओरडलं, वाटाड्याने हात वर केला आणि जीप थांबली. बाकीची आठही माणसं उजवीकडे वळली. मंदाबाई अर्ध्या उठून, चष्मा सावरत बघत होत्या.

देवू डावीकडे बघत होता, कारण ओरडणारं चितळ कुठे बघून ओरडतंय ते त्याला कळत होतं.

बांबूच्या बेटातून तो बाहेर आला. बाहेर येऊन उभा राहिला आणि मान मागे वळवून त्याने थेट जीपकडे पाहिलं. डावा कान फाटलेला. खांद्याचं हाड चालताना वर आलं तसंच राहिलेलं. आजवर आपण काय काय चुकवलं ते देवूला एका नजरेत कळलं: आपण त्याला चार पायांवर उभा केला होता, पण हा पायांवर उभा नव्हताच, हा खांद्यावर उभा होता. देवूचे हात आपोआप जोडले गेले. पानाला चुना लावायला लागतो तेवढा वेळ तो तिथे होता. मग बांबू हलला, आणि हलायचा थांबला.

"गेला बहुतेक," वाटाड्या उजवीकडच्या झाडीकडे बघत म्हणाला. माणसांनी नशिबाला, वनखात्याला आणि आत्मारामभाऊंना बोल लावत पाय सैल सोडले.

मंदाबाई खाली बसल्या. मग देवूच्या हातावर थोपटून म्हणाल्या, "जाऊ दे, देवू. आपल्या दोघांच्या नशिबात नव्हता."

अजून रानाची हद्द संपली नव्हती, म्हणून देवू गप्प राहिला. तासाभराने नाका ओलांडला, आता बोलायला हरकत नव्हती, तरी तो गप्पच राहिला. मार्कंड्याला मंदाबाईंनी हाक मारून त्याला भिंतीवरच्या मूर्ती दाखवल्या. तो हंडा घेऊन उभा राहिला आणि "व्हय, व्हय" म्हणाला. परतीच्या वाटेवर बस रात्रभर धावत होती, बाई शेजारी मान टाकून झोपल्या होत्या आणि देवू डोळे उघडे ठेवून बसला होता. जन्मात एकदा दिसणारी गोष्ट दिसली होती. ती सांगायला एक ठमी हवी होती, ती नव्हती. दुसरं सांगण्यासारखं माणूस हाताच्या अंतरावर होतं, आणि तिलाच तेवढं सांगता येत नव्हतं. आनंदाने माणूस इतका एकटा पडतो हे त्याला ठाऊक नव्हतं.

उमरोळीच्या फाट्यावर त्याने त्यांची पिशवी उतरवून दिली.

"वाघबारशीला येते फळी बघायला," मंदाबाई म्हणाल्या. नाव आता बिनधास्त घेतलं त्यांनी.

"या," देवू म्हणाला.

पावसाच्या आधी त्याने सागाची फळी आणली आणि पावसाळाभर कोरली. हात कुठे अडला नाही. वाघबारशीच्या सकाळी फळी ठाण्यावर उभी राहिली तेव्हा कोणी भुंकलं नाही. म्हातारी बायडी पुढे आली, वाकून बघितलं आणि तिने पदर डोक्यावर घेतला. पोरं आईच्या मागे सरकली. देवूने बारा वर्षं या घटकेची वाट बघितली होती. ती आली, आणि त्याचं सगळं लक्ष खालच्या पायवाटेकडे होतं.

मंदाबाई दुपारी आल्या, काठी टेकत. ठाण्यासमोर दगडावर बसून त्यांनी चष्मा पुसला आणि फळीकडे बघितलं. फार वेळ बघितलं. मग उठून जवळ गेल्या आणि वाघाच्या डाव्या कानावर बोट ठेवलं.

"हा फाटकाय."

"व्हय."

"मान मागे वळवलेली. हे मनाने नाही काढलंस तू."

देवू खाली बघत राहिला.

"कुठे होता?"

"डाव्या अंगाला, बाई. बांबूत. तुमी समदी उजवीकडं बघत होता."

"नाव घ्यायचं नव्हतं."

"नाय."

"बोटही दाखवायचं नव्हतं."

"नाय, बाई."

मंदाबाईंनी मान हलवली. त्यांच्या आवाजात राग नव्हता; असता तर बरं, असं देवूला वाटलं. "मी तुला खेटून बसले होते रे," त्या म्हणाल्या. "कोपर लावायला बंदी होती का?"

त्यांनी प्रसादाचं खोबरं रुमालात बांधलं, फळीला हात जोडले आणि काठी उचलली. तो ओढ्यापर्यंत पोचवायला निघाला तेव्हा म्हणाल्या, "राहू दे. वाट माहीत आहे मला."

त्यांची पांढरी शाल झाडांत दिसेनाशी होईपर्यंत तो उभा होता. मग येऊन फळीसमोर बसला. माणसं पांगली होती. वाघ मान वळवून त्याच्याकडे बघत होता, तसाच, त्या सकाळसारखा. बापाने नावाचं सांगितलं होतं, बोटाचं सांगितलं होतं. कोपराचं काही सांगितलं नव्हतं. त्या घटकेला तो रीत पाळली म्हणून गप्प राहिला नव्हता. वाघ समोर आला तेव्हा शेजारी कोणी बसलं आहे हेच तो विसरला होता, आणि हे सांगायला ती एकच बाई होती, जी आता ओढा ओलांडून गेली होती.